आपली आठवण आपण लिहावी



तुम्हांला आता लिहिता येऊ लागले. सही झाली, पत्र झाले. आता आम्ही म्हणतो, आपली एक आठवण लिहा. तुम्ही म्हणता, "आमी काय लिवणार, गुरुजी? आमच्या जन्मात लिवण्यासारखं हाय काय?"

आपल्याच जिल्ह्यातले उदाहरण घ्या. दापोली तालुक्यातल्या मुरुड गावी धोंडो केशव कर्वे वाढले. १८७५ साली ते सोबत्यांबरोबर परीक्षेसाठी साताऱ्याला निघाले. पावसापाण्यातून, डोंगर चढून, शंभर मैलांवर पायी गेले. तिथे त्यांना सांगितले, तू वयाने लहान दिसतोस. परीक्षेला बसू दिले नाही! पुढे ते फार मोठे झाले. १९१६ साली त्यांनी स्त्रियांसाठी विद्यापीठ काढले. १९५८ साली ते भारतरत्न झाले. पण आपल्या 'आत्मवृत्त' या पुस्तकात त्यांनी नुसते मोठेपण लिहिले नाही. फजितीही लिहिली. म्हणून तो पोरगा आपल्याला आपला वाटतो.

आम्हीही एकदा लिहायला बसलो. मॅट्रिकच्या फीसाठी वडिलांनी घरातला तांब्याचा हंडा गहाण ठेवला होता. आम्ही लिहिले, 'पूज्य पित्याने अपार त्याग केला.' घरी वाचून दाखवले. कोणी काही बोलले नाही.

मग ते खोडले आणि दुसरे लिहिले. 'त्या दिवसापासून आई मातीच्या घागरीने पाणी आणू लागली. शाळेतल्या मित्राने विचारले, तुमचा हंडा कुठाय? आम्ही सांगितले, तांबटाकडे दिलाय, डाग लावायला. आई मागेच उभी होती. तिने ऐकले. ती काही बोलली नाही.'

हे वाचताना आमचाच आवाज बसला. घरातली माणसे जवळ येऊन बसली. हंडा पुढे सुटला, पण ते खोटे बोलणे चाळीस वर्षे मनात होते. कागदावर आले तेव्हा मन हलके झाले.

तेव्हा मंडळी, सगळा जन्म लिहू नका. एकच दिवस घ्या. मोठे शब्द शोधू नका. त्या दिवशी काय दिसले, कोण काय बोलले, ते लिहा. आपले चुकले असेल तर तेही लिहा. दुसऱ्याची लाज मात्र चव्हाट्यावर मांडू नका.

आज जेवणे झाली की चार ओळी लिहा. चुकल्या तर खोडा. आम्हीही खोडल्या होत्या.