तूर्तातूर्त हुकूम आणि वरचे न्यायालय



वसंतातील या व्यासपीठावर कायद्यासारखा रुक्ष विषय आम्ही का घेतला, असे कोणी विचारील. उत्तर सोपे आहे. बांधाचा, वहिवाटीच्या रस्त्याचा किंवा सामाईक विहिरीच्या पाळीचा तंटा नाही असे गाव आपल्या जिल्ह्यात विरळा. दाव्याच्या निकालाला वर्षे लागतात. पीक आठवड्यात वाळते. म्हणून पक्षकाराचा सारा जीव तूर्तातूर्त मनाई हुकुमात अडकलेला असतो.

हा हुकूम देताना न्यायाधीश तीन गोष्टी पाहतात: प्रथमदर्शनी बाजू कोणाची, गैरसोय कोणाची अधिक, आणि पैशाने भरून न निघणारे नुकसान कोणाचे. हे मोजायला गज नाही. तेथे न्यायाधीशांचा विवेकच चालतो. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४३ प्रमाणे त्यावर अपील करता येते. परंतु अपिलात सारे प्रकरण नव्याने तोलले जाईल, ही समजूत खरी नव्हे. १९६० साली प्रिंटर्स (म्हैसूर) विरुद्ध पोथन जोसेफ आणि १९९० साली वाँडर विरुद्ध अँटॉक्स या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयाने हा दंडक स्पष्ट केला. खालच्या न्यायालयाने मनमानी केली असेल किंवा प्रस्थापित तत्त्वे सोडली असतील, तरच वरच्याने हात घालावा. ‘आम्ही असतो तर निराळा हुकूम दिला असता’, एवढे कारण पुरत नाही.

यात हरणाऱ्यावर अन्याय होतो काय? आम्हांस तसे वाटत नाही. प्रत्येक तूर्तातूर्त हुकूम वर जाऊन नव्याने चालू लागला, तर मूळ दावा तसाच पडून राहील आणि ज्याची थैली जड तोच टिकेल. मात्र संयम म्हणजे डोळेझाक नव्हे. जेथे तात्पुरत्या हुकुमानेच सर्व संपते, तेथे वरच्या न्यायालयाने अधिक जागरूक राहिले पाहिजे.

आपल्याला पाण्याचे उदाहरण जवळचे आहे. ऑक्टोबर २०१८ मध्ये मुळा, प्रवरा व नाशिककडील धरणांतून जायकवाडीसाठी ८.९९ अब्ज घनफूट पाणी सोडण्याचा आदेश निघाला. स्थगितीची मागणी सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली आणि महिनाअखेरीस नाकारली गेली. हे अपील मनाई हुकुमावरचे नव्हते, पण पेच तोच होता. नदीत उतरलेले पाणी मागे फिरत नाही, हे आपले दुःख खरे. पण न पोचलेल्या पाण्याने खालच्या गावांचे होणारे नुकसानही भरून निघत नाही. समन्यायी वाटपाचे तत्त्व मुंबई उच्च न्यायालयाने २०१६ मध्येच उचलून धरले होते. आपल्या पाटावर उभे राहून तराजूचे एकच पारडे पाहणे बरे नव्हे.

तेव्हा व्यवहाराची गोष्ट एवढीच. सातबारा, मोजणीचा नकाशा, प्रतिज्ञापत्रे जे काही असेल ते पहिल्याच न्यायालयात, पहिल्याच अर्जासोबत द्यावे. वरचे न्यायालय मुख्यतः तेच कागद पाहील. तेथे ‘आमचे ऐकलेच नाही’ असे म्हणायचे असेल, तर खाली आपण काय सांगितले होते, हे कागदावर दिसले पाहिजे.