दुर्गाबाई खोटे

बोलपटाच्या आरंभकाळीं प्रतिष्ठित घरांतील स्त्रीनें पडद्यावर येणें म्हणजे कुळास बट्टा, अशीच पुष्कळांची समजूत होती. अशा वेळीं, १९३१ सालीं, मुंबईचे सॉलिसिटर पांडुरंग शामराव लाड यांची कन्या बोलपटांत आली. सेंट झेवियर्स कॉलेजांत शिकलेली, खोट्यांच्या श्रीमंत घरांत दिलेली; परंतु सासरची संपत्ति ओसरली आणि दोन मुलगे तर वाढवावयाचे होते. पहिला चित्रपट ‘फरेबी जाल’ हिणकस निघाला. निंदेला सीमा राहिली नाहीं.

दुसरी एखादी घरीं बसली असती. दुर्गाबाईंनीं मात्र १९३२ सालीं कोल्हापुरास ‘प्रभात’च्या ‘अयोध्येचा राजा’मध्यें तारामतीची भूमिका केली. पतीच्या सत्त्वासाठीं विकली जाणारी ती राणी लोकांनीं पाहिली, आणि कालची निंदा आदरांत पालटली. १९३६ च्या ‘अमरज्योति’तील सौदामिनी ही अन्यायाविरुद्ध उठलेली चांचीण; तर १९६० च्या ‘मुगल-ए-आझम’मधील जोधाबाई ही पति आणि पुत्र यांच्यामध्यें होरपळणारी माता.

१९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना लाभला. १९८८ सालीं त्यांच्याच संस्थेनें ‘वागळे की दुनिया’ ही मालिका दूरदर्शनवर आणली. मोहोपाडा ज्या रायगड जिल्ह्यांत आहे, त्यांतीलच अलिबागेस त्यांनीं उत्तरायुष्यांत वास्तव्य केलें. १९९१ सालीं त्या निवर्तल्या.

पुढें कित्येक सुशिक्षित मुली त्या दारांतून निर्भयपणें आंत गेल्या. तें दार उघडतांना पहिले बोल कोणी सोसले, याचें स्मरण असावें.