माहितीपटात बोलते कोण?
(तुये येथे केलेल्या भाषणाचा संपादित भाग)



५ ऑक्टोबर २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने गोव्यातले खाणकाम थांबवले. कर्ज काढून घेतलेले ट्रक दारात उभे राहिले. पुढे माझ्या विद्यार्थ्यांनी डिचोलीतल्या अशाच एका घरावर छोटा माहितीपट केला. त्याचे निवेदन मी लिहिले, चांगल्या ग्रांथिक मराठीत.

तो आम्ही त्या घरच्या बाईंना दाखवला. त्या म्हणाल्या, ''ह्यात माजा तोंड दिसता, पूण बोलणा माजा न्हय.''

त्या खरे बोलत होत्या. चित्रीकरणात त्यांनी दोन गोष्टी सांगितल्या होत्या : ट्रक चालत होते तेव्हा घरात धूळ यायची, शेतात चिखल उतरायचा, ट्रक थांबले तेव्हा हप्ते थकले. बाई खाणीच्या बाजूच्या की विरुद्ध, हे ठरेना, म्हणून तो भाग मी काढायला लावला. प्रश्न जिथे अवघड होता, नेमकी तिथेच मी कात्री चालवली.

आनंद पटवर्धनांचा 'जय भीम कॉम्रेड' आठवा. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहाजण मारले गेले. त्यानंतर काही दिवसांतच शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. पटवर्धनांनी या चित्रपटाला चौदा वर्षे दिली. त्यात वस्तीतली माणसे स्वतः बोलतात, शाहीर गातात. दुःखाबरोबर त्यांचा विनोद, राग आणि युक्तिवादही ऐकू येतो. म्हणून प्रेक्षक नुसती हळहळ व्यक्त करून उठत नाही.

चौदा वर्षे आपल्या मुलांकडे नसतील; पण मोबाईल आहे, आणि विषय दाराशी आहेत. मोपाचा विमानतळ सुरू झाला, तुयेत इलेक्ट्रॉनिक सिटीचा प्रकल्प आला. जमीन आणि नोकरी यांवर इथे घरोघरी दोन मते आहेत. ती दोन्ही टिपा. बोली तशीच ठेवा. गरज वाटल्यास अर्थ पडद्यावर खाली लिहा. निवेदन सर्वांत शेवटी लिहा, आणि ज्याच्यावर माहितीपट आहे त्याला तो आधी दाखवा.

आम्ही संकलन पुन्हा केले. माझे निवेदन गेले, बाईंचे बोलणे परत आले. त्यांच्याच अंगणात तो दाखवला, तेव्हा शेजारी आपापसांत वाद घालू लागले. पहिल्या वेळी सगळ्यांनी नुसत्या टाळ्या वाजवल्या होत्या.