आकाशातली नगरं आणि आपली सोसायटी

(रौप्यमहोत्सवी स्नेहसंमेलनात केलेले भाषण)



सेक्रेटरींनी मला एकच अट घातली. "काका, काहीही बोला, फक्त हिशेब नको." बँकेत पस्तीस वर्षं आणि सोसायटीत नऊ वर्षं खजिनदारी केलेल्या माणसाला ही अट जड आहे. म्हणून आज जमीन सोडून थेट आकाशातल्या नगरांबद्दल बोलतो.

निमित्त चांदीचं. महाभारताच्या कर्णपर्वात त्रिपुराची कथा आहे. तारकासुराच्या तीन मुलांसाठी मयासुराने तीन नगरं उभी केली. सोन्याचं स्वर्गात, चांदीचं अंतरिक्षात आणि लोखंडाचं पृथ्वीवर. म्हणजे रौप्यमहोत्सवाचा खरा मान त्या मधल्या नगराचा! तिथे कशालाच तोटा नव्हता. पण रहिवासी माजले, इतरांना छळू लागले. मग तिन्ही नगरं एकत्र आली त्या क्षणी शंकराने एकाच बाणात ती जाळली. कार्तिकात आपण त्रिपुर वात लावतो, त्यामागे हीच कथा. मयासुराच्या बांधकामात खोट नव्हती, राहणाऱ्यांत होती. स्ट्रक्चरल ऑडिटमध्ये ती सापडत नाही.

दुसरं नगर इंग्रजीतलं. जोनाथन स्विफ्टने १७२६ साली 'गलिव्हर्स ट्रॅव्हल्स' लिहिलं. आपण शाळेत त्यातली बुटक्यांची गोष्ट तेवढी वाचली. त्यात लापुटा नावाचं एक उडतं बेटही आहे. प्रचंड लोहचुंबकाच्या जोरावर ते हवेत तरंगतं. राजा वर राहतो, प्रजा खाली. खालच्या एखाद्या गावाने बंड केलं किंवा कर थकवला, की राजा बेट नेऊन बरोबर त्या गावाच्या डोक्यावर उभं करतो. ऊन बंद, पाऊस बंद. थकबाकी वसुलीची ही पद्धत वाचून बँकवाला म्हणून मला आधी हसू आलं. नंतर आलं नाही. कारण तसं मी स्वतः केलं होतं.

२००५ च्या जुलैची गोष्ट. मी खजिनदार होतो. तिसऱ्या मजल्यावरच्या एका कुटुंबाचा सात महिन्यांचा मेंटेनन्स थकला होता. दोन नोटिसा दिल्या, व्याज लावलं आणि शेवटी नोटीस बोर्डावर त्यांचं नाव आणि रक्कम लावली, सगळ्यांना दिसेल अशी. त्या घरातल्या कर्त्या माणसाची नोकरी गेली होती, हे मला माहीत नव्हतं. खरं सांगायचं तर मी विचारलंच नव्हतं. त्यांची मुलं बोर्डासमोरून मान खाली घालून शाळेत जायची.

मग २६ जुलै उजाडला. सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलीमीटर पाऊस झाला. इकडे बोरिवलीत दहिसर नदी फुगली. मी अंधेरीच्या शाखेत अडकलो, फोन बंद. आमचं घर तळमजल्यावर, घरात बायको आणि ऐंशी वर्षांची आई. रात्रभर शाखेत बसून पहाटे चालत निघालो. घरी पोचलो तर दार उघडं आणि आत गुडघाभर गढूळ पाणी. घरात कोणी नाही. माझे पाय लटपटले. तेवढ्यात जिन्यातून आवाज आला, "भाऊजी, वर या. आई आमच्याकडे आहेत."

ते तिसऱ्या मजल्यावरचंच घर होतं. कर्त्या माणसाने आईला पाठीवर घेऊन जिना चढवला होता. ती त्यांच्या पलंगावर बसून चहात खारी बुडवत होती. मी काय बोलणार? खाली आलो आणि बोर्डावरचा तो कागद काढला. थकबाकी त्यांनी दिवाळीपर्यंत पै न् पै भरली. पण त्यानंतर माझ्या कारकिर्दीत बोर्डावर कुणाचं नाव लागलं नाही. आधी घरी जाऊन चौकशी करायची, हा नियम मी स्वतःपुरता केला. वसुली कमी झाली नाही, हेही खजिनदार म्हणून नोंदवतो.

आज हे सांगतोय, कारण आता आपणही आकाशात निघालोय. चार मजल्यांच्या जागी बावीस मजल्यांची चित्रं आपण गेल्या महिन्यात पाहिली. गच्चीवर बाग, पोहण्याचा तलाव, सगळं आहे. मी विरोधात नाही. माझेही गुडघे लिफ्टची वाट बघतायत. पुनर्विकासाचा निर्णय ५१ टक्के संमतीवर होतो, हे सगळ्यांना पाठ झालंय. पण उरलेल्या घरांच्या डोक्यावर आपलं बेट नेऊन उभं करू नका. कुणाला भाड्याच्या घरात जायची धास्ती आहे, कुणाला नवा मेंटेनन्स पेन्शनमध्ये बसणार नाही. मतदानाआधी प्रत्येकाच्या घरी जा, बसा, चहा घ्या, ऐका.

आणि बावीसाव्या मजल्यावर गेल्यावरही, खाली कुणाच्या घरात पाणी शिरलं तर "वर या" म्हणणारं दार उघडं ठेवा. आपली पंचवीस वर्षांची कमाई तीच आहे. शेवटी हिशेब झालाच, सेक्रेटरी, माफ करा!

सर्वांना रौप्यमहोत्सवाच्या शुभेच्छा.