जखमी प्रवाशाचा भरपाईचा हक्क



रस्त्यावर अपघात घडला की पहिले काही दिवस सर्वांचे लक्ष जखमीचा जीव वाचविण्याकडे असते, आणि ते योग्यच आहे. परंतु जायबंदी झालेल्या हातापायाचे ओझे त्या कुटुंबाला पुढे वर्षानुवर्षे वाहावे लागते. ते हलके व्हावे म्हणून कायद्याने नुकसानभरपाईची तरतूद केली आहे. ती कोणाची मेहेरबानी नव्हे. तो जखमीचा हक्क होय. मात्र हा हक्क पदरात पडणे पुष्कळदा पहिल्या काही दिवसांत जमविलेल्या कागदपत्रांवर अवलंबून असते.

दावा कोठे व कोणाविरुद्ध?

१९३९ च्या मोटार वाहन कायद्यात १९५६ साली दुरुस्ती होऊन अशा दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची तरतूद झाली. १९८८ च्या कायद्याने ती कायम ठेवली. जखमी व्यक्ती जेथे राहते तेथील न्यायाधिकरणाकडेही अर्ज करता येतो. नाशिकजवळ जखमी झालेल्या सिंधुदुर्गातील प्रवाशाला नाशिकचे हेलपाटे घालण्याचे कारण नाही.

दोन वाहनांची टक्कर झाल्यास कोणत्या चालकाचा दोष किती, याची वाटणी प्रवाशाने करावयाची नसते. दोघेही दोषी असतील तर तो कोणाही एकाकडून संपूर्ण भरपाई मागू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये स्पष्ट केले. वाहन न थांबता पळून गेले आणि त्याचा पत्ता लागला नाही, तर १ एप्रिल २०२२ पासूनच्या योजनेनुसार गंभीर जखमीस ५०,००० रुपये व मृताच्या वारसांस २ लाख रुपये मिळू शकतात. त्यासाठी तालुक्याच्या महसूल अधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो.

रक्कम कशी ठरते?

औषधोपचाराचा खर्च, बुडालेली मजुरी, सोसलेल्या वेदना आणि पुढील कमाईची हानी यांचा विचार होतो. येथे शरीराच्या अपंगत्वाची टक्केवारी आणि कमाईच्या हानीची टक्केवारी एकच नसते. डावा हात गमावलेल्या कारकुनाची नोकरी टिकू शकते; सुताराचा मात्र धंदाच बसतो. हा भेद सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या निर्णयात मांडला आहे. म्हणून जखमी व्यक्ती कोणते काम करीत होती, याचा पुरावा वैद्यकीय दाखल्याइतकाच महत्त्वाचा ठरतो.

समजा, ३४ वर्षांच्या कामगाराची मासिक कमाई १०,००० रुपये होती आणि कमाईची शक्ती ४० टक्क्यांनी घटली. वर्षाची हानी ४८,००० रुपये झाली. या वयासाठी ठरलेल्या १६ या गुणकाने ती ७,६८,००० रुपये होते. भावी उत्पन्नवाढ, उपचार व वेदना यांची रक्कम निराळी.

धोक्याची जागा

लग्नाचे वऱ्हाड किंवा यात्रेकरू ट्रक, टेम्पो वा ट्रॅक्टरच्या ट्रॉलीतून नेले जातात. मालवाहू वाहनातील अशा प्रवाशांची जबाबदारी विमा कंपनीवर सामान्यतः येत नाही, हे २००२ च्या निर्णयाने निश्चित झाले. बरोबर माल घेऊन जाणारा मालधनी किंवा त्याचा अधिकृत प्रतिनिधी तेवढा संरक्षित असतो. इतरांना वाहनमालकाकडे वळावे लागते. त्याची ऐपत नसेल तर हुकूम कागदावरच राहतो.

गावाचे कर्तव्य

अपघातानंतर गावातल्या गावात थोड्या पैशांवर समजूत घालून फिर्याद टाळली जाते. त्यामुळे पुढील दाव्याचा पायाच खचतो. पोलिसांत नोंद, घटनास्थळाचा पंचनामा, वाहनाचा क्रमांक, प्रवासाचे तिकीट, रुग्णालयाचे कागद व औषधांच्या पावत्या जपून ठेवाव्यात. पोलिसांनीही अपघाताचा अहवाल तीन महिन्यांत न्यायाधिकरणास सादर करावयाचा असतो. त्याची चौकशी अवश्य करावी.

अर्जासाठी अपघातापासून ६ महिन्यांची मुदत १ एप्रिल २०२२ पासून लागू झाली. तिला न्यायालयात आव्हान देण्यात आले असले, तरी त्यावर विसंबून विलंब करणे हिताचे नाही.

जखमी माणूस अंथरुणावर असतो. धावपळ इतरांनीच करावयाची असते. पंचायत सदस्याने फिर्याद नोंदविण्यास सोबत जावे, शिक्षकाने अर्ज व कागद नीट लावून द्यावेत, अधिकाऱ्याने दाखले वेळेवर द्यावेत. एवढे घडले तरी अपघाताने मोडलेला संसार पुन्हा उभा राहण्यास आधार मिळेल.