प्रलंबित अर्ज आणि न्यायाची मुदत



पोटगीचा अर्ज न्यायालयात दाखल झाला म्हणून घरातील चूल त्याच दिवशी पेटत नाही. आदेश होईपर्यंत किराणा, औषधपाणी आणि मुलांच्या वह्यापुस्तकांचा खर्च मात्र थांबत नाही. म्हणूनच अशा अर्जाचा विलंब हा केवळ दप्तरदिरंगाईचा विषय राहत नाही.

या दृष्टीने विदर्भातील एक प्रकरण उद्बोधक आहे. नागपूरच्या कुटुंब न्यायालयात एका पत्नीने २०१३ मध्ये पोटगीसाठी अर्ज केला. अंतरिम पोटगीचा आदेश २०१५ मध्ये झाला. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने तो २०१८ मध्ये कायम केला. ४ नोव्हेंबर २०२० रोजी न्या. इंदू मल्होत्रा व न्या. आर. सुभाष रेड्डी यांच्या पीठाने सर्वोच्च न्यायालयात निर्णय दिला, तेव्हा मूळ अर्ज सात वर्षे प्रलंबितच होता. तो सहा महिन्यांत निकाली काढावा, असा निर्देश कुटुंब न्यायालयास देण्यात आला. शिवाय देशातील सर्व न्यायालयांसाठी दंडक घालून दिला गेला : दोन्ही पक्षांनी उत्पन्न व मालमत्तेची शपथपत्रे दाखल केल्यानंतर अंतरिम अर्ज जास्तीत जास्त चार ते सहा महिन्यांत निकाली निघावा आणि पोटगी अर्जाच्या तारखेपासून मिळावी.

वरिष्ठ न्यायालयाच्या अशा निर्देशाचा अर्थ नीट समजून घेणे अगत्याचे आहे. संविधानाच्या अनुच्छेद २२७ अन्वये उच्च न्यायालयास आपल्या क्षेत्रातील न्यायालयांवर देखरेखीचा अधिकार आहे. परंतु 'वेळेत निर्णय द्या' असे सांगणे म्हणजे 'अमक्याच्या बाजूने द्या' असे सांगणे नव्हे. गुणदोषांचा निवाडा खालच्या न्यायालयाकडेच राहतो.

यवतमाळ जिल्ह्याच्या ग्रामीण भागात या मुदतीचे यश आणखी एका गोष्टीवर अवलंबून आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ नुसार अंतरिम पोटगीचा अर्ज शक्यतो ६० दिवसांत निकाली निघावयास हवा. पण हे दिवस मोजले जातात ते नोटीस बजावल्यापासून. पती कामासाठी परगावी गेलेला असेल आणि नोटीस बजावल्याविना परत आली, तर मुदतीस प्रारंभच होत नाही. पत्ता गावाला ठाऊक असतो, न्यायालयाला नसतो.

येथेच सरपंच, ग्रामसेवक आणि शिक्षक यांचे साहाय्य मोलाचे ठरते. पुसद असो वा पांढरकवडा, पत्नी जेथे राहते तेथील न्यायालयातही तिला अर्ज करता येतो, हे तिला सांगावे. अर्जात पतीचा अचूक पत्ता व कामाचे ठिकाण लिहिले जाईल, हे पाहावे. शपथपत्रास लागणारे दाखले विनाविलंब द्यावेत. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ अन्वये स्त्रियांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे जावे, हेही सुचवावे.

मुदत न्यायालय ठरवून देते. ती पाळली जाण्यास गावाचाही हातभार लागतो.