कात्रीतून कॅमेऱ्याकडे: अनंत माने



आज ओळख करून घेऊ अनंत माने यांची.
आधी संकलक… मग दिग्दर्शक.

जन्म 1915 चा, कोल्हापूरचा.
म्हणजे आपल्या निपाणीच्या अगदी शेजारचा माणूस!

तरुण वयात ते ‘प्रभात’ फिल्म कंपनीत गेले.
तिथे ते संकलन शिकले.
त्या काळी संकलन म्हणजे हातकाम.
फिल्म कात्रीने कापायची… आणि तुकडे चिकटवायचे.
कुठे थांबायचं, हे नजरेला कळावं लागे.

ती नजर घेऊनच ते दिग्दर्शक झाले.

1959 साली आला त्यांचा तमाशापट ‘सांगत्ये ऐका’.
पडद्यावर जयश्री गडकर… हंसा वाडकर…
वसंत पवारांचं संगीत… आणि गदिमांची ‘बुगडी’ ही लावणी!
पुण्याच्या ‘विजयानंद’ चित्रपटगृहात तो सुमारे अडीच वर्षं चालला.
हो, अडीच वर्षं!

त्यातली ती लावणी पुन्हा पाहा.
कधी पावलं, कधी चेहरा, कधी फेटेवाल्यांची दाद.
मला तर तिथे दिग्दर्शकाआधी संकलकच दिसतो.

पण माने म्हणजे फक्त तमाशापट, असं समजू नका.
1961 चा ‘मानिनी’ घरगुती.
कथा महादेवशास्त्री जोशींची, आणि गाण्यांत बहिणाबाईंचे शब्द.
‘एक गाव बारा भानगडी’ पुन्हा गावरान.
1978 ची ‘सुशीला’ आणखी वेगळी.
बाज बदलत गेला.
संकलकाची नजर मात्र तीच.

1995 साली माने गेले.
‘अनंत आठवणी’ हे त्यांचं आत्मकथन.
आणि हंसाबाईंनी आपल्या आत्मचरित्राला नाव दिलं…
‘सांगत्ये ऐका’!